पॅरिसचं पँथिऑन: कोण आत गेलं, कोण बाहेर राहिलं आणि किती उशिरा

केवडा

गेले काही महिने फ्रेंच लोकांबद्दल जमेल तसं वाचतेय आणि एक गोष्ट डोक्यातून जातच नाहीये म्हणून धागा काढतेय. पॅरिसमध्ये लॅटिन क्वार्टरच्या टेकाडावर पँथिऑन नावाची इमारत आहे, मोठा घुमट, पुढे खांबांची रांग, आणि खाली तळघरात फ्रान्सने ज्यांना थोर मानलं त्यांच्या शवपेट्या. लेखक, शास्त्रज्ञ, राजकारणी, सैनिक सगळे एकाच छताखाली. आपल्याकडे प्रत्येकाची समाधी वेगळी, स्मारक वेगळं, तिथे सगळे शेजारी शेजारी.

इमारत मुळात चर्च म्हणून बांधलेली. पंधरावा लुई १७४४ मध्ये मरणाच्या दारातून परत आला तेव्हा त्याने नवस बोलला होता संत जनव्हिएव्हचं देऊळ नव्याने बांधीन म्हणून. सुफ्लो नावाच्या वास्तुकाराने काम घेतलं, तो १७८० मध्ये गेला, काम पूर्ण होईपर्यंत १७९० उजाडलं आणि तोवर क्रांती होऊन गेलेली. मग १७९१ मध्ये संसदेने ठरवलं की हे चर्च नको, इथे देशातल्या थोरांना ठेवू. पहिला मान मिळाला मिराबोला, क्रांतीतला सगळ्यात मोठा वक्ता. पुढच्याच वर्षी राजाच्या लोखंडी कपाटात कागद सापडले, त्यात हा माणूस गुपचूप राजाशी संधान बांधून होता आणि पैसे घेत होता हे उघड झालं. १७९४ मध्ये त्याला बाहेर काढलं आणि त्याच दिवशी मारा या क्रांतिकारी पत्रकाराला आत आणलं. आणि पाचेक महिन्यांत मारालाही बाहेर काढलं!

मला हेच महत्त्वाचं वाटतं. ही यादी दगडात कोरलेली दिसते पण ती सतत बदलत आलीये. नंतर नेपोलियनने आपल्या सरदारांनी आणि सिनेटरांनी तळघर भरलं, मग राजेशाही परत आली तेव्हा पुन्हा चर्च, १८३० मध्ये पुन्हा स्मारक, १८५१ मध्ये पुन्हा चर्च, आणि शेवटी १८८५ मध्ये व्हिक्टर ह्युगो गेला तेव्हा त्याच्यासाठी म्हणून ते कायमचं स्मारक झालं. ह्युगोने गरिबांच्या गाडीतून न्या म्हणून लिहून ठेवलेलं, तसंच नेलं, आणि अंत्ययात्रेला वीस लाखांच्या आसपास लोक होते असं सांगतात. हा तोच माणूस, ज्याने तिसऱ्या नेपोलियनला विरोध केला म्हणून एकोणीस वर्षं देशाबाहेर काढली.

आत गेलेल्यांची नावं आणि वर्षं एका कागदावर मांडून बसले आणि दिसलं ते असं की यातल्या बऱ्याच जणांना हयातीत याच देशाने कोर्टात ओढलं, पेपरांतून झोडपलं, संस्थेत घेतलं नाही किंवा नागरिकत्वच दिलं नाही. मग पन्नास-शंभर वर्षांनी बँड लावून आत नेलं. तुम्हाला यातली जी माणसं माहिती आहेत त्यांच्याबद्दल लिहा, नुसती नावं नकोत, ते आत कसे गेले ते लिहा.

नीलमोहर

धागा आवडला. मेरी क्युरीपासून सुरुवात करते, कारण तिच्याबद्दल आपल्याकडे शाळेतल्या धड्यात दोन नोबेल आणि रेडियम एवढंच येतं.

ती पँथिऑनमध्ये गेली २० एप्रिल १९९५ ला. म्हणजे १७९१ पासून दोनशेहून जास्त वर्षं स्वतःच्या कामाच्या बळावर एकही बाई तिथे गेली नव्हती. त्याआधी एक बाई होत्या, सोफी बेर्तलो, पण त्या १९०७ मध्ये नवऱ्यासोबत म्हणून. नवरा मार्सेलँ बेर्तलो रसायनशास्त्रज्ञ, बायको गेली आणि त्याच दिवशी तोही गेला, मग दोघांना वेगळं करायचं नाही म्हणून एकत्र ठेवलं.

आता हे बघा. १९११ च्या जानेवारीत मेरी क्युरी विज्ञान अकादमीच्या निवडणुकीला उभी राहिली, तेव्हा तिच्याकडे एक नोबेल होतं, आणि ती ब्राँली या शास्त्रज्ञाकडून एक-दोन मतांनी हरली, त्या आधी पेपरांमध्ये ती बाई आहे, परकी आहे, ज्यू असेल असं काय वाट्टेल ते छापून आलेलं. त्याच वर्षाच्या शेवटी पॉल लांजव्हँ या विवाहित शास्त्रज्ञाशी तिचे संबंध आहेत म्हणून पत्रं छापली गेली. पिएर क्युरी १९०६ मध्येच घोडागाडीखाली सापडून गेलेला, म्हणजे ती विधवा होती. लोक तिच्या घराबाहेर जमले, तिला मुलींना घेऊन मित्रांच्या घरी आसरा घ्यावा लागला. आणि याच आठवड्यांत दुसरं नोबेल जाहीर झालेलं! स्वीडनहून आऱ्हेनियस या नोबेलवाल्या शास्त्रज्ञाचं पत्र आलं की तुम्ही सध्या बक्षीस घ्यायला येऊ नका. तिने उत्तर दिलं की बक्षीस रेडियम आणि पोलोनियमच्या शोधासाठी आहे, माझ्या खासगी आयुष्याचा त्याच्याशी संबंध नाही. आणि ती गेली.

आणि ज्या लांजव्हँमुळे हे सगळं झालं तो पँथिऑनमध्ये कधी गेला? १९४८ मध्ये. तिच्या सत्तेचाळीस वर्षं आधी. माणूस मोठाच होता, नाझींनी त्याला अटक केली होती, त्याच्या मोठेपणाबद्दल काही म्हणणं नाही. पण त्या प्रकरणाची शिक्षा दोघांपैकी कुणी भोगली ते या दोन वर्षांवरून कळतं.

विज्ञान अकादमीने पहिली पूर्ण सदस्य बाई कधी घेतली माहितीये? १९७९. गणिती इव्हॉन शोके-ब्रुआ.

ठिपका

@केवडा, मी अंध मुलांना शिकवतो त्यामुळे लुई ब्रेलवर लिहिल्याशिवाय राहवत नाही.

पॅरिसपासून जवळच कुव्रे नावाचं गाव, वडील घोड्यांचं खोगीर-लगाम बनवणारे. १८०९ चा जन्म. तीन वर्षांचा असताना वडिलांच्या कामाच्या जागी चामड्याला भोक पाडायच्या आरीशी खेळताना ती डोळ्यात गेली, जखम चिघळली, संसर्ग दुसऱ्या डोळ्यात गेला आणि पाच वर्षांचा होईतो पूर्ण अंधत्व. गावच्या शाळेत ऐकून ऐकून शिकला, मग दहाव्या वर्षी पॅरिसच्या अंध मुलांच्या शाळेत. तिथे पुस्तकं होती पण कशी, तर नेहमीचीच रोमन अक्षरं कागदावर उठावात दाबलेली, प्रचंड जड, बोटाने एकेक अक्षर चाचपत जायचं. वाचता येत होतं कसंबसं, लिहिता तर येतच नव्हतं.

शार्ल बार्बिए नावाच्या माजी लष्करी अधिकाऱ्याने बारा ठिपक्यांची पद्धत काढली होती, ती शाळेत आली. ब्रेलने ती हातात घेतली आणि त्यातलं दुखणं ओळखलं: बारा ठिपके बोटाच्या एका स्पर्शात मावत नाहीत, बोट वरखाली फिरवावं लागतं, आणि ती पद्धत उच्चारावर असल्यामुळे स्पेलिंग, विरामचिन्हं काही नाही. त्याने सहा ठिपके केले, दोन उभ्या ओळी, प्रत्येकी तीन. बोटाचं टोक जिथे टेकेल तिथेच अख्खं अक्षर. त्यातून ६३ आकार निघतात, त्यात अक्षरं, आकडे, संगीताची नोटेशन सगळं बसतं. हे केलं तेव्हा तो पंधरा वर्षांचा होता, १८२४. पुस्तक १८२९ मध्ये छापलं.

आणि शाळेने काय केलं? मधल्या काळात एका मुख्याध्यापकाने ही पद्धत बंद केली, कारण डोळस शिक्षकांना ती वाचता येत नव्हती. मुलं चोरून वापरत राहिली, एकमेकांना शिकवत राहिली. माझ्या मते ब्रेल टिकली ती या मुलांमुळे, ज्यांची नावं कुठेच नाहीत. ब्रेल १८५२ मध्ये क्षयाने गेला, ४३ वर्षांचा. शाळेने अधिकृत मान्यता दिली १८५४ मध्ये. दोन वर्षं उशिरा.

शंभर वर्षांनी, १९५२ मध्ये, त्याला पँथिऑनमध्ये नेलं, हेलन केलर पॅरिसला आलेली त्या वेळी. पण कुव्रेचं गाव म्हणालं की आमचा माणूस सगळाच्या सगळा नेऊ नका. म्हणून त्याचे दोन्ही हात गावातच ठेवलेत, कबरीवर एका छोट्या कलशात. बाकी देह पॅरिसला. ज्या हातांनी वाचलं ते गावाकडे राहिले.

अवांतर: मराठीसाठी आपण जी भारती ब्रेल वापरतो ती १९५१ पासून ठरलेली, सगळ्या भारतीय भाषांना एकच पाया. आपला 'क' म्हणजे फ्रेंचांचा के, तेच दोन ठिपके. आणि मुलांना शिकवताना मला फार आवडणारी गोष्ट म्हणजे छापील मराठीत 'कि' लिहिताना वेलांटी आधी येते, ब्रेलमध्ये मात्र बोलतो त्याच क्रमाने आधी क आणि मग इ. डोळस मुलं पहिली-दुसरीत या ऱ्हस्व वेलांटीवर अडतात, आमची मुलं अडत नाहीत.

केवडा

@ठिपका, हातांचं मला अजिबात माहीत नव्हतं. अंगावर काटा आला. शेवटचा परिच्छेद तर वेगळा धागा काढून लिहाच.

जुनी_वही

उशीर आणि अपमान म्हणताय तर एमिल झोलाचं प्रकरण सविस्तर लिहितो, थोडं लांबेल.

१८९४. फ्रेंच सैन्यातला एक ज्यू कॅप्टन, आल्फ्रेड द्रेफस. जर्मन वकिलातीच्या कचऱ्यात एक चिठ्ठी सापडते, कुणीतरी लष्करी माहिती विकतंय. हस्ताक्षर थोडं जुळतंय म्हणून द्रेफसला धरतात, बचाव पक्षाला न दाखवता न्यायाधीशांकडे गुप्त फाइल जाते, जन्मठेप. १८९५ च्या जानेवारीत भर चौकात त्याच्या वर्दीवरची चिन्हं ओरबाडून काढतात, तलवार मोडतात, बाहेर गर्दी ज्यूंच्या नावाने ओरडतेय. मग त्याला दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्याजवळच्या सैतान बेटावर एकटं डांबतात.

१८९६ मध्ये पिकार नावाच्या लष्करी अधिकाऱ्याला कळतं की हस्ताक्षर एस्तेराझी नावाच्या दुसऱ्याच अधिकाऱ्याचं आहे. तो वरिष्ठांना सांगतो. वरिष्ठ काय करतात, तर पिकारलाच दूर ट्युनिशियाला पाठवतात. एस्तेराझीवर खटला होतो तो त्याला निर्दोष सोडण्यासाठीच, ११ जानेवारी १८९८. आणि दोनच दिवसांनी, १३ जानेवारीला, 'लॉरोर' दैनिकाच्या पहिल्या पानावर झोलाचं राष्ट्राध्यक्षांना उघड पत्र, मथळा 'मी आरोप करतो'. त्यात त्याने सेनापती, मंत्री, हस्ताक्षरतज्ज्ञ एकेकाचं नाव घेऊन आरोप केले आणि शेवटी लिहिलं की माझ्यावर खटला भरा, चौकशी उजेडात होऊ दे.

लक्षात घ्या की झोला तेव्हा फ्रान्सचा सगळ्यात खपाचा कादंबरीकार होता, पैसा, घर, नाव सगळं होतं, द्रेफसशी कसलीही ओळख नव्हती. त्याला या भानगडीत पडायची काहीच गरज नव्हती. त्याच्यावर खटला झाला, दोषी ठरला, एक वर्षाची कैद, मग तो इंग्लंडला निघून गेला. त्याच उन्हाळ्यात कर्नल आंरीने पुरावे बनावट केले हे सिद्ध झालं आणि आंरीने कोठडीत गळा चिरून घेतला. तरीही १८९९ च्या फेरखटल्यात द्रेफस पुन्हा दोषी! मग राष्ट्राध्यक्षांची माफी. पूर्ण निर्दोष ठरायला १९०६ उजाडलं.

झोला ते बघायला नव्हता. १९०२ मध्ये घराच्या शेकोटीचा धूर कोंडून कार्बन मोनॉक्साइडने तो झोपेत गेला. कुणी मुद्दाम धुरांडं बुजवलं का, हा वाद आजही आहे.

आणि आता पँथिऑन. ४ जून १९०८, झोलाला आत नेण्याचा समारंभ, द्रेफस स्वतः हजर. ग्रेगोरी नावाच्या पत्रकाराने त्याच्यावर गोळ्या झाडल्या, दंडाला लागली. सगळ्यांसमोर. आणि ज्युरीने त्या पत्रकाराला निर्दोष सोडलं.

आज झोला, ह्युगो आणि 'थ्री मस्केटिअर्स'चा लेखक आलेक्झांद्र द्युमा एकाच दालनात आहेत. द्युमा २००२ मध्ये आला, निळ्या मखमलीत गुंडाळलेली पेटी आणि त्यावर त्याच्या मस्केटिअर्सचं 'सगळे एकासाठी, एक सगळ्यांसाठी'. त्याची आजी हैतीतली गुलाम बाई होती आणि आयुष्यभर त्याला रंगावरून टोमणे ऐकावे लागले, ते राष्ट्राध्यक्ष शिराक यांनी त्या समारंभातल्या भाषणात स्पष्ट बोलून दाखवलं.

आडवळण

वाचतोय सगळं, माहिती फारच चांगली आहे पण मला एक विरोधी सूर लावायचाय.

पूर्वी हे संसद ठरवायची, आताच्या पाचव्या प्रजासत्ताकात राष्ट्राध्यक्ष ठरवतो. एकटा माणूस. लिखित निकष नाहीत. म्हणजे द गोल यांना १९६४ मध्ये नाझींविरुद्धच्या प्रतिकार चळवळीचा एक चेहरा हवा होता म्हणून जाँ मुलँ, मितराँ यांनी १९८१ मध्ये निवडून आल्यावर हातात गुलाब घेऊन एकट्यानेच आत चालत जायचं ठरवलं ते टीव्हीवर अख्ख्या देशाने पाहिलं. याला मी सन्मान म्हणण्यापेक्षा सत्तेने आपली वंशावळ लिहून घेणं म्हणेन.

म्हणून मला ज्यांच्या घरच्यांनी नाही म्हटलं ते जास्त भावतात. लेखक आल्बेर काम्यू. २००९ मध्ये राष्ट्राध्यक्ष सार्कोझींनी त्याला पँथिऑनमध्ये न्यायची कल्पना मांडली, पुढच्या जानेवारीत त्याच्या अपघाती मृत्यूला पन्नास वर्षं होत होती. त्याच्या मुलाने नकार दिला, बाप ज्या प्रकारचा माणूस होता त्याच्याशी हे जुळत नाही म्हणून. काम्यू अजून दक्षिणेत लूरमारँ गावाच्या साध्या स्मशानात आहे, साधा दगड, वर झुडपं. रँबो आणि व्हर्लेन या दोन कवींना एकत्र न्यावं म्हणून २०२० मध्ये मोठी सह्यांची मोहीम झाली, रँबोच्या घरच्यांनी विरोध केला, राष्ट्राध्यक्ष मॅक्राँ यांनी २०२१ मध्ये नाही म्हणून सांगितलं. आणि द गोल स्वतः? कोलोंबे गावात मुलीच्या शेजारी. पाश्चर त्याच्याच संस्थेच्या तळघरात.

केवडा

@आडवळण, राष्ट्राध्यक्ष आपल्या सोयीने निवडतात हे मान्यच. पण निवड झाल्यावर माणूस त्यांच्या हातात राहत नाही असं मला वाटतं. मुलँच्या समारंभात लेखक आणि तेव्हाचा मंत्री मालरोने थंडीत, वाऱ्यात उभं राहून जे भाषण केलं ते आज लोक ऐकतात ते मुलँसाठी, कोण राष्ट्राध्यक्ष होता ते विचारतही नाहीत. आणि त्या पेटीतली राख नक्की मुलँचीच का हेही ठाम नाही, 'त्याची असावी' अशी ती राख.

घरच्यांबद्दल पूर्ण सहमत. २०१५ मध्ये दोन बायका आत गेल्या, जर्मेन तियों आणि जनव्हिएव्ह द गोल-आंतोनिओ, दोघीही रावेन्सब्रुकच्या छळछावणीतून वाचलेल्या. दोघींच्या घरच्यांनी सांगितलं की देह आहे तिथेच राहू दे. मग त्यांच्या कबरीजवळची माती पेटीत घालून आणली. तियों मानववंशशास्त्रज्ञ, तिने छावणीत लपून एक छोटी संगीतिका लिहिली होती, कैदी बायकांना हसता यावं म्हणून. आणि काँदोर्से, क्रांतीतला गणिती, ज्याने बायकांना मतदानाचा हक्क हवा असं १७९० मध्ये लिहून ठेवलं, त्याची १९८९ मध्ये आणलेली पेटी तर रिकामीच आहे, कारण त्याचे अवशेष कधीच हरवलेत.

लंबक

फिजिक्सवाल्यांची हजेरी लावतो. पँथिऑनमध्ये घुमटातून ६७ मीटर लांब तारेवर २८ किलोचा गोळा लटकतो, फूकोचा लंबक. १८५१ मध्ये लेऑं फूकोने तो लावला आणि पृथ्वी फिरते हे पहिल्यांदा आकाशाकडे न बघता, खोलीच्या आत उभं राहून लोकांना दिसलं. लंबक आपल्या पातळीत झुलत राहतो, खालची जमीन फिरते, त्यामुळे रेष हळूहळू सरकताना दिसते, तासाला साधारण ११ अंश. पॅरिसला पूर्ण फेरीला ३२ तासांच्या थोडं आत लागतात. ध्रुवावर २४ तासांच्या आसपास, विषुववृत्तावर रेष सरकतच नाही. तुमच्या गावाचा अक्षांश घ्या, त्याच्या साइनने २४ ला भागा. मुंबईसाठी हिशेब केला तर ७३ तासांच्या वर येतं.

आता जो लटकतोय तो नंतरचा आहे. जुना गोळा पॅरिसच्याच तंत्रज्ञानाच्या संग्रहालयात होता, २०१० मध्ये तार तुटून पडला आणि खराब झाला.

धाग्याच्या विषयाशी जोड अशी की फूको स्वतः पँथिऑनमध्ये नाही. त्याने विज्ञानाची रीतसर पदवी घेतलेली नव्हती, डॉक्टरकी शिकायला गेला आणि रक्त बघवेना म्हणून सोडली, त्यामुळे अकादमीतले गणिती त्याला आपल्यातला मानायला बराच काळ तयार नव्हते. मोंमार्त्रच्या स्मशानात आहे. प्रयोग आत, माणूस बाहेर.

रंगपेटी

नाटककार मोलिएर पण नाही आत!! मला हे अजिबात पटत नाही. २०२२ मध्ये त्याच्या जन्माला चारशे वर्षं झाली तेव्हा फ्रान्समधल्या नट मंडळींनी मागणी केली होती, सरकारकडून उत्तर आलं की पँथिऑन प्रबोधनकाळानंतरच्या लोकांसाठी आहे, मोलिएर त्याच्या आधीचा. १६७३ मध्ये तो गेला तेव्हा नट म्हणून चर्चने त्याला रीतसर दफन नाकारलं, राजाने मध्यस्थी केली तेव्हा रात्रीच्या अंधारात उरकलं.

आणि आपल्या रंगभूमीचं या माणसाकडे किती देणं आहे. देवलांचं संशयकल्लोळ मूळ मोलिएरचंच, इंग्रजीतून फिरून आलेलं. अत्र्यांचं कवडीचुंबक म्हणजे त्याचा कंजूष. फाल्गुनराव आणि कृत्तिकेच्या संशयावर शंभर वर्षं हसलेल्या प्रेक्षकांना तो फ्रेंच आहे हे कळलंही नाही इतका तो आपला झाला.

नीलमोहर

@रंगपेटी, तत्त्वज्ञ देकार्तचीही तीच कथा. १७९३ मध्ये ठराव झाला आत न्यायचा, कधी अंमलच झाला नाही. तो एका चर्चमध्ये आणि त्याची कवटी वेगळ्याच संग्रहालयात.

मला सिमोन व्हेयबद्दल लिहायचं होतं. नीस शहरातल्या ज्यू घरातली मुलगी, सोळाव्या वर्षी १९४४ मध्ये आईसोबत आणि बहिणीसोबत ऑश्विट्झला. हातावर ७८६५१ हा नंबर. आई बर्गन-बेल्झनमध्ये टायफसने गेली, वडील आणि भाऊ पूर्वेकडे नेलेल्या गाडीतून परत आलेच नाहीत. ही मुलगी परत येते, कायदा शिकते, न्यायखात्यात तुरुंगांचं काम बघते आणि १९७४ मध्ये आरोग्यमंत्री होते. गर्भपाताला कायदेशीर परवानगी देणारं विधेयक तिने मांडलं तेव्हा सभागृहात बायका किती, तर नऊ. बाकी ४८१ पुरुष. तीन दिवस चर्चा, एका खासदाराने गर्भपाताची तुलना भट्टीत टाकलेल्या माणसांशी केली. ऑश्विट्झहून आलेल्या बाईसमोर. घराच्या भिंतीवर स्वस्तिकं रंगवली. ती सुरुवातीला एवढंच म्हणाली होती की कोणतीही बाई आनंदाने गर्भपात करून घेत नाही. २८४ विरुद्ध १८९ ने पास झालं. नंतर १९७९ मध्ये थेट निवडून आलेल्या युरोपीय संसदेची पहिली अध्यक्ष.

२०१७ मध्ये गेली आणि वर्षभरात, १ जुलै २०१८ ला, पँथिऑनमध्ये. इथे मात्र उशीर झाला नाही. नवरा आंत्वान सोबत आहे, म्हणजे या वेळी नवरा बायकोमुळे आत गेला.

जोसेफिन बेकरचं पण राहिलं. अमेरिकेत सेंट लुईसची, गरीब कृष्णवर्णीय घरातली, पॅरिसला नाचायला आली आणि १९३७ मध्ये फ्रेंच नागरिक झाली. युद्धात गाण्याच्या नोटेशनच्या कागदांवर अदृश्य शाईने निरोप नेले. ३० नोव्हेंबर २०२१ ला आत, पेटीत चार ठिकाणची माती, कारण देह मोनॅकोतच राहावा ही घरच्यांची इच्छा.

जुनी_वही

एक खरा मराठी धागा जोडतो. जाँ जोरेस, समाजवादी नेता, पँथिऑनमध्ये १९२४ पासून. 'ल्युमानिते' हे दैनिक त्याने काढलेलं. ८ जुलै १९१० ला मार्सेय बंदरात सावरकरांनी 'मोरिया' बोटीतून उडी मारली आणि फ्रेंच जमिनीवर पोचल्यावर त्यांना परत ब्रिटिशांच्या हवाली केलं गेलं, तेव्हा याच पेपराने तो प्रश्न लावून धरला. मार्क्सचा नातू जाँ लोंगे त्यात लिहीत होता. फ्रेंच भूमीवर आलेल्या माणसाला आश्रयाचा हक्क होता, तो पोलिसांनी परस्पर दिला कसा, हा मुद्दा. प्रकरण हेगच्या लवादाकडे गेलं, फेब्रुवारी १९११ मध्ये निकाल ब्रिटनच्या बाजूने लागला. सावरकरांच्या राजकारणाबद्दल इथे वाद घालायचा नाहीये, तो दुसरीकडे भरपूर चालतो. सांगायचं ते हे की जोरेसच्या पेपराने स्वतःच्या सरकारला एका परक्या कैद्यासाठी जाब विचारला.

जोरेसला ३१ जुलै १९१४ ला पॅरिसच्या कॅफेत गोळी घातली, तो युद्ध थांबवायची धडपड करत होता. मारेकरी व्हिलँ १९१९ मध्ये निर्दोष सुटला आणि खटल्याचा खर्च जोरेसच्या विधवेने भरावा असा निकाल आला. द्रेफसवर गोळी झाडणारा सुटला, जोरेसवर झाडणाराही सुटला. आणि पाच वर्षांनी तेच राज्य त्याला पँथिऑनमध्ये नेतं.

ठिपका

@नीलमोहर, मेरी क्युरीची पेटी शिशाची आहे असं ऐकलंय, किरणोत्सर्गामुळे, खरं का?

नीलमोहर

हो, आत शिशाचा थर आहे. पण १९९५ मध्ये कबर उघडली तेव्हा मोजमाप केलं आणि आतला किरणोत्सर्ग अपेक्षेपेक्षा बराच कमी निघाला. रेडियमचं अर्धायुष्य १६०० वर्षं, त्यामुळे शरीरात खूप रेडियम असतं तर साठ वर्षांत ते गेलं नसतं. त्यावरून तज्ज्ञांनी म्हटलं की तिच्या आजाराचं कारण बहुधा पहिल्या महायुद्धातली एक्स-रेची कामं असावीत. तेव्हा ती आणि मुलगी इरेन मोटारीत यंत्रं बसवून आघाडीवर जखमी सैनिकांच्या तपासण्या करत होत्या, कसलाही आडोसा न घेता. तिच्या वह्या मात्र अजून शिशाच्या डब्यात ठेवतात.

आडवळण

@केवडा, तुमच्या उत्तरावर विचार केला. माझं सत्तेबद्दलचं मत तेच आहे, पण रोबेर बादँतेरचं उदाहरण तुमच्या बाजूने जातं ते मांडतो.

वकील. वडिलांना १९४३ मध्ये लियोंमध्ये पकडून सोबिबोरच्या नाझी मृत्युछावणीत नेलं, परत आले नाहीत. १९७२ मध्ये त्याचा अशील बोंताँ, ज्याने स्वतः खून केला नव्हता, त्याला गिलोटिनवर जाताना त्याने पाहिलं. त्यानंतर आयुष्य फाशीविरोधात घातलं. १९७७ मध्ये एका लहान मुलाच्या खुन्याचा बचाव केला, सगळा देश त्या माणसाच्या रक्ताला तहानलेला, आणि त्याला जन्मठेपेवर आणलं. लोक याला धमक्या द्यायचे. न्यायमंत्री झाल्यावर १९८१ च्या सप्टेंबरमध्ये संसदेत उभा राहिला, जनमत तेव्हा फाशी ठेवा म्हणणाऱ्यांचं जास्त होतं, तरी ३६३ विरुद्ध ११७ ने मंजूर. कायदा जारी झाला ९ ऑक्टोबर १९८१.

२०२४ मध्ये तो ९५ वर्षांचा होऊन गेला. पँथिऑनमध्ये नाव गेलं ९ ऑक्टोबर २०२५ ला, तारीख मुद्दाम तीच. त्याच दिवशी पॅरिसजवळच्या बान्यो स्मशानातल्या त्याच्या मूळ कबरीची विटंबना झाली, निळ्या रंगात फाशीच्या आणि समलैंगिकांच्या विषयावरून मजकूर लिहिला, कारण १९८२ मध्ये समलैंगिकांविरुद्धचा भेदभावाचा कायदा रद्द करवून घेणाराही तोच. म्हणजे सत्तेने त्याला आपलासा करून टाकला असं म्हणायची सोय नाही, ज्यांना तो नको होता त्यांना तो अजूनही नकोच आहे.

केवडा

@आडवळण, यासाठी खूप धन्यवाद.

मिसाक मानुशियानबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून थोडक्यात. आर्मेनियन, वंशसंहारातून वाचलेला अनाथ, पॅरिसमध्ये कामगार आणि कवी. फ्रेंच नागरिकत्व दोनदा मागितलं, दोन्ही वेळा मिळालं नाही. नाझींविरुद्ध परदेशी कामगारांच्या गटाचं नेतृत्व केलं, २१ फेब्रुवारी १९४४ ला पॅरिसजवळच्या मों-व्हालेरिएँ किल्ल्यावर त्याला गोळ्या घातल्या. मरण्याआधी बायको मेलिनेला पत्र लिहिलं, त्यात म्हटलंय की जर्मन लोकांबद्दल माझ्या मनात द्वेष नाही. बरोबर ऐंशी वर्षांनी, २१ फेब्रुवारी २०२४ ला, दोघांनाही आत नेलं. सोबत मारल्या गेलेल्या साथीदारांची नावं तिथे फलकावर लिहिलीयेत.

यानंतरचं नाव इतिहासकार मार्क ब्लॉकचं, नोव्हेंबर २०२४ मध्ये जाहीर झालं. पहिलं महायुद्ध लढला, दुसऱ्यात ५३ वर्षांचा असताना पुन्हा स्वतःहून गेला, मग ज्यू म्हणून विद्यापीठातल्या नोकरीवर गदा आली, मग प्रतिकार चळवळीत, आणि १६ जून १९४४ ला लियोंजवळ गेस्टापोने गोळ्या घातल्या. घरच्यांनी मागणी केली होती की समारंभाला अतिउजव्या पक्षाच्या लोकांना बोलवायचं नाही.

सोफी जर्मेन आणि एमिली द्यु शातले या दोन जुन्या गणिती बायकांवर मी पुढच्या आठवड्यात वेगळं लिहिते. सोफी जर्मेनने पुरुषाचं नाव घेऊन गणिती गाउसशी पत्रव्यवहार केला आणि आयफेल टॉवरवर कोरलेल्या ७२ शास्त्रज्ञांत तिचं नाव नव्हतं, एमिलीने न्यूटनच्या ग्रंथाचं फ्रेंच भाषांतर बाळंतपणात जाण्याआधी पुरं केलं. @लंबक, त्या भाषांतरातल्या ऊर्जेवरच्या टिपांबद्दल तुमची मदत लागेल.

लंबक

नक्की. धागा काढलात की तिथे येतो.